कॅमेऱ्याच्या अलीकडे

"सर, तुम्ही पुण्याचे का?" भाजीवालीनं विचारलं आणि उकंडरावांच्या हातातली पालकाची जुडी हातातच राहिली. त्यांनी "पालक कसा दिला?" एवढंच तर विचारलं होतं. बुलढाण्याच्या बाजारात दिवसभरात कितीतरी माणसं हेच विचारत असतील आणि त्यातल्या कुणालाही ती बाई गाव विचारत नसेल. आत्ताच तर ती शेजारच्या गिऱ्हाइकावर खेकसत होती, "घ्या नं मावशी घ्याची असंन तं, काऊन चिवडून राह्यल्या उगंच?" आणि यांच्याकडे वळताना मात्र, सासरा दिसल्यावर सून पदर सावरते तशी तिनं आपली बोली सावरली. सर म्हणाली. पुण्याचे का म्हणाली. "नाही बाई, मी डोणगावचा, मेहकरच्या पुढचा," असं सांगायला काय लागत होतं? पण ते "हो, तिकडचाच" असं पुटपुटले, जुडी परत ठेवली आणि पिशवी काखेत मारून चालू लागले. बाजार संपून रस्ता लागला तेव्हा आपल्याला घाम फुटलाय हे त्यांच्या लक्षात आलं. ऊन तर अजून कोवळंच होतं. आपल्याच मुलखात आपण पाहुणे ठरलो आणि वर ते कबूलही करून बसलो, याचा त्यांना राग यायला हवा होता. पण राग यायलाही अंगात जोर लागतो, आणि तो हल्ली कुठल्याच कामाला पुरत नसे. भीती मात्र वाटली. आजच्या दिवशीच हे व्हायला नको होतं असं त्यांना वाटत राहिलं.

कारण सकाळीच फोन आला होता. प्रतीक्षा नावाची कुणी तरुण दिग्दर्शिका बोलत होती. साखरखेर्ड्याला एका मालिकेचं शूटिंग चालू आहे, हल्ली लोक मोबाइलवर बघतात तसली मालिका, आणि तिच्यात एक म्हातारा शेतकरी आहे, बायको गेलेला, गावात एकटा राहणारा. प्रसंग थोडेच, पण सगळी गोष्ट त्यांच्यावर उभी आहे. "काका, आम्हाला अस्सल वऱ्हाडी बोलणारा माणूस हवाय. नाटकी नको. तुम्ही त्याच भागातले आहात ना? आणि आवाज आम्ही जागेवरच घेतोय. डबिंग नाही." हे शेवटचं ऐकून उकंडराव पलंगाच्या कडेला टेकले. त्यांची बायको वंदना गॅसजवळून म्हणाली, "कुणाचा फोन?" "कामाचा," ते म्हणाले, आणि तो शब्द इतक्या दिवसांनी तोंडातून निघाला की वंदनानं गॅस बारीक करून वळून पाहिलं. मुंबई सोडून मुलीच्या आधारानं बुलढाण्यात येऊन राहिल्यापासून कामाचा असा फोन आलाच नव्हता. नाव व्हावं, बक्षीस मिळावं, लोकांनी ओळखावं, या साऱ्या हौशी त्यांच्या एकेक करून मुंबईतच गळून पडल्या होत्या. एकच उरली होती आणि ती त्यांनी वंदनालाही कधी सांगितली नव्हती. पडद्यावर आपलं तोंड हलावं आणि त्यातून आपलाच आवाज यावा, डोणगावचा, आईच्या घरातला. एकदाच.

मुंबईत ते उदय होते. उकंडा हे नाव काही पडद्यावर चालणारं नव्हतं. त्यांच्या आधीची भावंडं पाळण्यातच गेली, म्हणून त्यांच्या आईनं, मनकर्णाबाईनं, हे पोर जन्मल्या जन्मल्या उकिरड्यावर नेऊन ठेवायला लावलं, आत्यानं ते लगोलग उचलून आणलं आणि नाव पडलं उकंडा. टाकून दिलेलं पोर, याच्याकडे काय बघायचं, असं मरणाला वाटावं म्हणून. मरण फसलं. पण पुढे कितीदा तरी, दादरच्या खोलीत आरशासमोर दाढी करताना, उकंडरावांना वाटे की त्या युक्तीचा अंमल जरा जास्तच झाला. मरणाची नजर चुकवता चुकवता बाकीच्यांचीही चुकली. ऑपरेशनच्या खोलीतून बाहेर येऊन चष्मा काढणारा आणि मान हलवणारा डॉक्टर ते होते. नायकाला कोठडीत ढकलणारा फौजदार ते होते, निकाल वाचणारे न्यायाधीश, लाच न घेणारा तलाठी, मुलीच्या लग्नात कोपऱ्यात उभे असलेले मामा, सगळे तेच होते. मालिकांचा जमाना आला तेव्हा तर ते भिंतीवरच्या तसबिरीतले कैलासवासी वडील झाले, गळ्यात चंदनाचा हार, समोर उदबत्ती आणि नायिका ढसाढसा रडतेय. त्या कामाला सेटवरही जावं लागत नसे, फोटो दिला की झालं. रस्त्यात माणसं थबकत, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय," म्हणत, आठवून आठवून आपल्या दाताच्या डॉक्टरचं नाव घेत आणि समाधानानं पुढे जात. उकंडरावही कधी कुणाची चूक दुरुस्त करत नसत. कोण सांगत बसणार!

आणि आवाज. पहिल्याच चित्रपटात त्यांना एक वाक्य होतं, "मला काही माहीत नाही, साहेब," आणि दिव्यांच्या झगझगाटात ते "मले" म्हणून गेले. सगळं युनिट हसलं. ते हसणं दुष्ट नव्हतं, दुष्ट असतं तर बरं झालं असतं, भांडता तरी आलं असतं. दिग्दर्शकांनी पाठीवर थाप मारून सांगितलं, "चेहरा तुझाच ठेवू, काळजी करू नको. आवाज दुसऱ्याचा घेऊ." मग कितीतरी वर्षं दुसऱ्याच कुणाचा भरदार, धुतलेला आवाज त्यांच्या ओठांवर बसवला जात होता. शिवाजी पार्कच्या एका बाईंकडे ते उच्चार शिकायला जात. शाया नाही, शाळा. पानी नाही, पाणी. बाई चिकाटीच्या होत्या आणि हे हट्टी होते; शेवटी जीभ वळली. वळली ती अशी की परत फिरलीच नाही. पुढे त्यांना स्वतःचा आवाज वापरायची परवानगी मिळाली, तेव्हा तो त्या डबिंगवाल्या माणसासारखाच झाला होता. मधल्या काळात कधीतरी त्यांचा चित्रपट टीव्हीवर लागला, डोणगावात घरी सगळी आळी जमली आणि सारं संपल्यावर आईनं त्यांना जवळ बोलावून हळूच विचारलं, "तोंड तं तुहंच होतं रे बाबू, पन आवाज कोनाचा घातला त्याच्यात?" तेव्हा ते हसले होते. आई, तुला यातलं कळत नाही, असं काहीतरी म्हणाले होते. एवढ्या वर्षांत ती गोष्ट ओळखणारी ती एकटीच होती आणि आता तीही नाही.

बाजारातून रिकामी पिशवी घेऊन आल्यावर ते स्वयंपाकघराच्या दारात उभे राहिले आणि वंदनाला म्हणाले, "ऐक. मी जाऊन राह्यलो. मले काय मालूम." वंदना गिरगावची. ती हसली. तीच ती जुनी, गोड, दुष्टपणा नसलेली हसण्याची जात. "अगदी सिनेमातल्या विनोदी शिपायासारखं वाटतंय," ती म्हणाली, आणि मग त्यांचा चेहरा पाहून तिनं हसू आवरलं. त्यांनाही ऐकू आलं होतं. शब्द सगळे बरोबर होते. पण ते बोलत नव्हते, बोलून दाखवत होते. रात्री सदरा धुवायला टाकताना त्यांनी ठरवलं की डोणगावला जायचं, गोपालकडे राहायचं, कानावर सारखं पडलं की येईल, आपली मातृभाषा आहे, जाते कुठे!

गोपाल हा त्यांचा पाठचा भाऊ. जन्मभर डोणगावात राहिलेला, वांगी, टमाटे, सांबार म्हणजे तिकडची कोथिंबीर पिकवून मेहकरच्या बाजाराला लावणारा. मागच्या वर्षी त्याची बायको सुभद्रा गेली. तेराव्याला उकंडराव आले होते, भावाच्या खांद्यावर हात ठेवून "खचून जाऊ नकोस, मुलांकडे बघ," असं म्हणाले होते, आणि परतीच्या एसटीत त्यांना आठवलं होतं की हे वाक्य त्यांनी डॉक्टर म्हणून कितीतरी बायकांना ऐकवलंय. आता गोपालनं अंगणात खाट टाकली, पांढरी चादर अंथरली, सुनेला चहा ठेवायला सांगितला आणि म्हणाला, "या दादा. प्रवास कसा झाला? त्रास तर नाही ना झाला आपल्याला?" आपल्याला! उकंडरावांनी कान टवकारले. दिवसभर गोपाल असाच बोलत होता, जपून, शाळेत पाहुणे आल्यावर बोलतात तसा. लहानपणी "अय उक्या" म्हणून हाक मारून विहिरीत ढकलणारा हाच का, असं त्यांना वाटलं. मग गोपालचा फोन वाजला आणि तो उठून गोठ्याकडे जात ओरडला, "अबे पाडून राह्यले तं पाडू दे नं भाव, म्या काय त्याईच्या भरोशावर जगून राह्यलो का?" परत येऊन पुन्हा चादरीच्या कडेवर नीट बसला. "व्यापाऱ्याचा फोन होता."

"गोपाल, माझ्याशी तसं बोल ना."

"कसं?"

"आत्ता फोनवर बोललास तसं."

गोपाल लाजला. पिकल्या मिशीचा माणूस लाजलेला पाहून उकंडरावांना कसंतरी झालं. "तुमच्यासमोर कसं बोलणार, दादा? आम्ही गावंढळ माणसं. तुम्ही एवढे नट," तो म्हणाला, आणि त्यात टोमणा औषधालाही नव्हता. दोन भाऊ आमनेसामने बसले होते आणि घरात जी भाषा वाढली ती दोघांपैकी एकजण विसरला होता नि दुसरा मान देण्यासाठी लपवत होता. उकंडरावांना हसावं की उठून जावं ते कळेना. ते चहा प्यायले. चहात साखर फार होती.

साखरखेर्ड्याला गोपालनंच मोटारसायकलवरून नेलं. रस्त्याच्या कडेला तूर फुलली होती. मागे बसून उकंडराव तोंडातल्या तोंडात घोकत होते, जाऊन राह्यलो, येऊन राह्यलो, काऊन, हाव, आणि वाऱ्यानं शब्द मागे उडून जात होते. आलेच नाही तर? काम गेल्याचं दुःख आता होणार नव्हतं, कामं जाण्याची त्यांना सवय होती. पण हेही जमलं नाही तर मग आपण आहोत तरी कुठले, असा एक प्रश्न त्यांच्या पोटात बसला होता. शूटिंगचं घर बाजाराच्या मागे होतं. अंगणात कडुनिंब, खुंटीला गाय, सगळीकडे वायरी. बघायला आळीतल्या बाया जमल्या होत्या. प्रतीक्षा वाकून पाया पडली, त्यांनी केलेल्या तीन भूमिकांची नावं घेतली, त्यातली एक दुसऱ्याची होती. मग ते ओसरीवर बसले, कॅमेरा लागला आणि त्यांनी म्हाताऱ्याचं बोलणं म्हटलं.

"छान, काका," ती म्हणाली. "फार स्वच्छ आहे." तिनं तो शब्द वाईट अर्थानं वापरला नव्हता. "थोडं आणखी गावाकडचं करता येईल?" त्यांनी दुसऱ्या वेळी जास्त घातलं. प्रत्येक वाक्याच्या शेवटी बे आलं, हात फिरवले, मान वाकडी केली, आणि अंगणातल्या बाया तोंडाला पदर लावून हसल्या. तिसऱ्या वेळी ते थकले. बोलता बोलताच त्यांना कळलं की प्रतीक्षा त्यांच्याकडे बघत नाही. दिग्दर्शकाची नजर आपल्यावरून कधी निघते हे जाणण्यात त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता, एवढी एक विद्या त्यांनी धंद्यात कमावली होती. ती त्यांच्या मागे, कडुनिंबाखाली बघत होती. तिथं गोपाल एका लाइटवाल्याला झापत होता, "अय भाऊ, ते वायर तिथून नोको नेऊ, गायीचा पाय अटकंन नं त्याच्यात! मंग म्हनसान सांगतलं काऊन नाही." तिनं विचारलं, "ते कोण?"

"माझा भाऊ," उकंडराव म्हणाले. त्यांना गोपालचा राग आला, खरा, लहानपणी यायचा तसा, घशाशी येणारा. यानं कधी काही मागितलं नाही, कुठे गेला नाही, कुणी त्याला हसलं नाही, आणि आता झाडाखाली उभ्या उभ्या हा माझी एकुलती एक गोष्ट घेऊन जाणार. तो राग त्यांनी गिळला, कारण गिळण्याचाही त्यांना सराव होता. "त्यालाच घ्या," ते म्हणाले. "तुम्हाला हवा तसाच आहे तो." हे वाक्य त्यांनी इतकं सहज म्हटलं की प्रतीक्षाचे डोळे भरून आले. मोठ्या मनाचा वडीलभाऊ त्यांनी यापूर्वीही कितीदा तरी केला होता.

गोपाल कसाबसा ओसरीवर बसला आणि दगड झाला. पुण्याच्या लेखकानं लिहिलेली वऱ्हाडी तो कागदावरून एकेक शब्द सुटा करून वाचू लागला. "बोला, वाचू नका," असं सांगितलं की मान डोलवायचा आणि आणखी मोठ्यानं वाचायचा. शेवटी प्रतीक्षा उकंडरावांजवळ आली. "काका, तुम्ही क्यू देता का? कागद राहू द्या. तुम्ही इथं कॅमेऱ्याच्या अलीकडे बसा आणि त्यांना काहीही विचारा, बोलतं करा. गोष्टीतल्या म्हाताऱ्याची बायको गेलीय. त्यांचीही गेलीय असं म्हणालात तुम्ही. तिकडे वळवता आलं तर बघा. तुमचे प्रश्न आम्ही नंतर काढून टाकू, तिथं नायकाचा आवाज येईल."

क्यू देणं उकंडरावांना नवं नव्हतं. समोरच्याचा चेहरा जवळून टिपायचा असला की आपण चौकटीच्या बाहेर बसायचं आणि आपली वाक्यं म्हणायची, म्हणजे त्याला उत्तर देता येतं. मोठमोठ्या नटांना त्यांनी असे क्यू दिले होते, अगदी जीव ओतून, आणि उकंडरावांचा चेहरा टिपायची पाळी आली की ते नट गाडीत जाऊन बसत नि कुणीतरी सहायक पेंगत पेंगत वाक्यं वाचून दाखवी. त्या सपाट आवाजाकडे बघून उकंडरावांनी किती वेळा डोळ्यांत पाणी आणलं होतं. आता ते लाकडी स्टुलावर बसले. गुडघे दुखत होते. प्रश्न काढून टाकणार, म्हणजे या आवाजाचं काहीच उरणार नव्हतं. मग उगाच कशाला जपायचा, असं त्यांना वाटलं आणि अंगातून काहीतरी सैल होऊन गेलं. 

"काऊन बे गोप्या," ते म्हणाले, "जेवला का तू?"

गोपालनं झटकन वर पाहिलं. "हाव," तो म्हणाला. "खाल्ली नं भाकर."

"कोनं केली?"

"सूनबाईनं."

"सुभद्रावानी जमते का तिले?"

"कायची जमते!" गोपालच्या मिशीत हसू आलं. "ते थापे तं आवाज शेजारच्या घरी जाये. मी म्हनो, भाकर करून राह्यली का कोनाले मारून राह्यली? तं म्हने, तुमालेच मारून राह्यली समजा." आणि तो बोलत सुटला. सुभद्राचा चिडका स्वभाव, वांग्याला पाणी देताना तिनं म्हटलेली गाणी, तिची हरवलेली चप्पल. उकंडराव हाव म्हणत होते, मंग म्हणत होते, अबे म्हणत होते, आणि आपण काय बोलतोय हे त्यांच्या ध्यानातही नव्हतं. मग त्यांनी ते विचारलं जे तेराव्याला विचारायला हवं होतं. "गेली कशी रे ते?"

गोपालनं खांद्यावरचं उपरणं हातात घेतलं. "झोपीतच गेली," तो म्हणाला. "दवाखान्यात सकायी चहा घेऊन उठवाले गेलो, तं हात गार. काही तरास नाही, काही नाही. हसल्यावानी तोंड होतं. असं मरन कोनाले भेटते?" त्यानं उपरण्यानं डोळे पुसले. अंगणातल्या बाया रडत होत्या. प्रतीक्षानं कट म्हटलं तेही अगदी हळू, आणि मग सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

आवाजावर बसलेल्या राम नावाच्या तरुणानं कानावरचे हेडफोन काढले. "मॅडम, क्यूचा आवाज जरा वर आलाय. पण निघेल. पूर्ण साफ निघेल."

"काढ," ती म्हणाली.

तेव्हा कुठे उकंडरावांना कळलं. आला होता. घोकून जो आवाज आला नाही, तो आला होता, आईच्या घरातला, एक अक्षरही न चुकता, आणि त्या पोरानं नीट टिपलाही होता. आता तो साफ निघणार होता. त्यांना मोठ्यानं सांगावंसं वाटलं, ठेवा रे तेवढा, कुठंतरी ठेवा. पण काय सांगणार? ते गुडघ्यावर हात ठेवून उठू लागले. गोपालनं ओसरीवरून पुढे वाकून त्यांचं मनगट धरलं.

"दादा, ते बंद झालं का?"

"हाव."

"आवाजाचंबी?"

"हाव. सब्बन बंद झालं."

गोपालनं इकडे तिकडे पाहिलं. माणसं दिवे उतरवत होती. त्याचा चेहरा बदलला, इतका की मघाचा चेहरा त्याचा नव्हताच असं वाटावं. "झोपीत नाही गेली ते," तो म्हणाला. "म्या साऱ्याईले तसंच सांगतलं. पोराईलेबी. लय तडफडली दादा. रातच्यानं दवाखान्यात मी एकटाच होतो, पानी मांगून राह्यली होती. घोटभर द्या म्हने, हात जोडून राह्यली होती. डाक्टरनं नाही म्हनलं होतं, म्हून म्या देल्लं नाही. तशीच गेली. तहानलेली." त्याची पकड घट्ट झाली. "तुले सांगून राह्यलो. दुसऱ्या कोनाले बोलू नोको."

सारं आयुष्य या धंद्यात काढून, हाताच्या अंतरावर बसून, भावानं कॅमेऱ्यासमोर अभिनय केला हे उकंडरावांना ओळखता आलं नव्हतं. डॉक्टरचा चेहरा त्यांच्यापाशी होता, मामांचा होता, न्यायाधीशांचा होता. त्यातला एकही पुढे आला नाही. मागे कुणीतरी "काका, स्टूल घेऊ का?" असं विचारलं. त्यांनी मान हलवून नाही म्हटलं आणि ते परत त्यावर बसले.

"मंग?" ते म्हणाले.